पालिकेच्या नोटिशीला कोर्टात आव्हान: खर्च किती, कुठे आणि कशासाठी

महापालिकेच्या नोटिशीविरुद्ध कोर्टात जायला किती खर्च येतो, असे चार जणांना विचारून पाहा. एक म्हणेल, कोर्ट फी ती काय, दोन-चारशे रुपये. दुसरा म्हणेल, त्या भानगडीत पडू नका, बांधलेल्या खोलीपेक्षा वकिलाचे बिल मोठे होईल. दोघेही खरे बोलत असतात. एकाच गल्लीत, एकाच कलमाखाली आलेल्या दोन नोटिशींपैकी एक लेखी जबाबावर मिटते आणि दुसरी लाखाच्या पुढे जाते. पहिल्या पंधरा दिवसांत काय केले, कोणत्या दारात गेलात आणि तिथे नेमके काय मागितले, यावर हा फरक बव्हंशी ठरतो.

इथे मुख्यतः अनधिकृत बांधकामाची नोटीस समोर ठेवली आहे, कारण सर्वांत घाईची आणि धास्तीची तीच असते. घरपट्टी, धोकादायक इमारत आणि ग्रामपंचायतीचे आदेश जिथे वाट वेगळी होते तिथे घेतले आहेत.

आधी ठरवा: कोर्टाकडून काय हवे आहे?

कोर्टातून तीन गोष्टी मिळू शकतात आणि तिन्हींचा खर्च वेगवेगळा असतो.

पहिली गोष्ट म्हणजे वेळ. घर रिकामे करायला, बांधकाम स्वतः काढून घ्यायला किंवा नियमित करून घेण्याचा अर्ज द्यायला काही आठवडे हवे असतात. हे मागणे छोटे असते आणि तुलनेने स्वस्तात होते.

दुसरी गोष्ट म्हणजे सुनावणी. पालिकेने तुमचे म्हणणे न ऐकता, कागद न पाहता किंवा कारण न देता आदेश काढला असेल, तर कोर्ट बरेचदा तो रद्द करते आणि ‘ऐकून घेऊन नव्याने निर्णय द्या’ असे सांगून प्रकरण त्याच अधिकाऱ्याकडे पाठवते. याला लोक जिंकणे समजतात. प्रत्यक्षात तुम्ही पुन्हा पहिल्या टेबलाशी येता, फक्त या वेळी समोरच्याला नीट वागावे लागते.

तिसरी गोष्ट म्हणजे आदेश कायमचा बेकायदा ठरवून घेणे. त्यासाठी मंजूर नकाशा, बांधकाम जुने असल्याचा पुरावा, अधिकाऱ्याला अधिकारच नव्हता हे दाखवणारा कागद असे काहीतरी भक्कम हातात हवे. हे सर्वांत महाग आणि सर्वांत लांबणारे काम.

या तिन्हींत बांधकामाची मंजुरी कुठेच येत नाही, हे लक्षात घ्या. ती देणे पालिकेच्या किंवा नियोजन प्राधिकरणाच्या हातात असते. वरळीच्या कॅम्पा कोला कंपाउंडमधल्या इमारतींना पाच मजल्यांची परवानगी होती. त्यांतली एक सतरा आणि एक वीस मजल्यांपर्यंत गेली. रहिवासी शहर दिवाणी न्यायालयापासून सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढले. फेब्रुवारी २०१३ मध्ये निकाल विरोधात गेला. नोव्हेंबरमध्ये पालिकेचे पथक फाटकाशी येऊन उभे असताना सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेऊन ३१ मे २०१४ पर्यंत कारवाई थांबवली. वेळ मिळाला, मजले मात्र अधिकृत झाले नाहीत. १७ डिसेंबर २०२४ च्या निकालातही सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, बांधकामाला किती वर्षे झाली किंवा त्यात किती पैसे गुंतले, यावरून बेकायदा बांधकाम कायदेशीर होत नाही.

म्हणून वकिलाकडे जाण्याआधी एका कागदावर एका वाक्यात लिहा: मला वेळ हवा आहे, सुनावणी हवी आहे, की आदेश रद्द करून हवा आहे? पुढचा सगळा हिशेब या वाक्यावरून निघतो.

नोटीस हाती पडताच: बिनखर्चाचे काम

नोटिशीतल्या पाच गोष्टी पाहा: कायदा आणि कलम, नोटिशीची तारीख, ती तुम्हाला मिळाल्याची तारीख, सही करणाऱ्याचा हुद्दा, आणि कोणता भाग अनधिकृत आहे याचे वर्णन किंवा रेखाचित्र. नोटीस दारावर चिकटवली असेल तर तिचा जागेवरच फोटो काढा. टपालाने आली असेल तर पाकीट जपा.

कलमावरून वाट कळते. मुंबईत १८८८ च्या महानगरपालिका कायद्याचे कलम ३५१ म्हणजे परवानगीविना झालेल्या बांधकामाबद्दल ‘कारणे दाखवा’, ३५४अ म्हणजे चालू काम थांबवा, आणि ३५४ म्हणजे इमारत धोकादायक आहे. मुंबईबाहेरच्या महापालिकांना १९४९ चा कायदा लागतो. तिथे २६०, २६७ आणि ४७८ ही बांधकामाची कलमे, तर २६४ धोकादायक इमारतीचे. शिवाय राज्यभर १९६६ च्या प्रादेशिक व नगररचना कायद्याचे, म्हणजे बोलीभाषेतल्या एमआरटीपीचे, कलम ५३ वापरले जाते. त्या कलमात नोटिशीच्या मुदतीत बांधकाम ठेवू देण्याचा अर्ज करण्याची सोय आहे. हा अर्ज वास्तुविशारदामार्फत होतो आणि पुष्कळांची गरज तिथेच भागण्यासारखी असते.

१३ नोव्हेंबर २०२४ ला सर्वोच्च न्यायालयातील न्यायमूर्ती भूषण गवई आणि न्यायमूर्ती के. व्ही. विश्वनाथन यांच्या खंडपीठाने पाडकामाबद्दल देशभरासाठी जे निर्देश दिले, ते तुमच्या हातातले सर्वांत स्वस्त हत्यार आहे. नोटीस मिळाल्यापासून १५ दिवस किंवा स्थानिक कायद्यातली मुदत, यांपैकी जी जास्त असेल ती द्यायची. नोटिशीत उल्लंघन नेमके कोणते ते सांगायचे आणि प्रत्यक्ष सुनावणीची तारीख द्यायची. मागची तारीख टाकल्याचा संशय राहू नये म्हणून नोटीस बजावल्याची सूचना जिल्हाधिकारी कार्यालयाला ई-मेलने पाठवायची. अंतिम आदेशात तुमचे म्हणणे, ते का फेटाळले, आणि बांधकाम नियमित होण्याजोगे आहे का, हे लिहायचे. त्यानंतरही आणखी १५ दिवस थांबायचे आणि पाडकामाचे चित्रीकरण करायचे. हे पाळले नाही तर अधिकाऱ्यावर वैयक्तिक जबाबदारी येऊ शकते. मात्र रस्ता, पदपथ, रेल्वेमार्गालगतची जागा, नदी किंवा जलाशय अशा सार्वजनिक जागेवरचे अनधिकृत बांधकाम आणि कोर्टानेच पाडायला सांगितलेले बांधकाम यांना हे संरक्षण नाही.

नोटीस या यादीशी ताडून पाहा. यातले काय पाळले नाही ते जबाबात क्रमाने लिहा.

कोर्टाआधीचा खर्च: इथे हात आखडू नका

कोर्टात न्यायाधीश पहिला प्रश्न विचारतात तो असा: नोटिशीला उत्तर दिले होते का? उत्तर दिले नसेल, तर पुढे कितीही मोठा वकील लावला तरी सुरुवात दुबळी होते. लेखी जबाब वॉर्ड ऑफिसच्या आवक कक्षात द्या, प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घ्या. तेच उत्तर पोचपावतीसह टपालानेही पाठवा. एवढ्याचा खर्च अगदी किरकोळ आहे.

जबाबाला जोडायचे कागद: मंजूर नकाशा, बांधकाम प्रारंभ प्रमाणपत्र, भोगवटा प्रमाणपत्र, जुनी घरपट्टीची आकारणी, वीजजोडणीची तारीख, सिटी सर्व्हे उतारा, खरेदीखत. यातले पालिकेकडचे कागद माहिती अधिकारात मागता येतात. अर्जाला १० रुपये आणि प्रतीला पानामागे २ रुपये लागतात. पण उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे आणि तुमच्या हातात १५ आहेत. म्हणून अर्ज पहिल्याच दिवशी करा आणि त्याची प्रत जबाबाला जोडून लिहा की, कागद तुमच्याच दप्तरी आहेत, ते मिळेपर्यंत निर्णय घेऊ नये. ज्या तक्रारीवरून आणि पाहणी अहवालावरून नोटीस निघाली, त्यांच्या प्रतीही जबाबातच मागा. पालिकेने त्या न देता आदेश काढला, तर तो तुमच्या बाजूचा मुद्दा होतो.

वास्तुविशारदाकडून जागेचे मोजमाप आणि मंजूर नकाशाशी तुलना करून घ्या. धोकादायक इमारतीच्या प्रकरणात हेच काम संरचना अभियंता करतो. मुंबईत पालिकेने इमारत ‘सी-१’, म्हणजे अतिधोकादायक वर्गात टाकली आणि रहिवाशांचा अहवाल उलटा आला, तर प्रश्न तांत्रिक सल्लागार समितीकडे जाऊ शकतो. तिथे वकिलाच्या वाक्चातुर्याला फार वाव नसतो, अहवाल बोलतो.

एक गैरसमज इथेच काढून टाकू. ‘आम्ही घरपट्टी भरतो, म्हणजे बांधकाम अधिकृत’ हे म्हणणे टिकत नाही. १९४९ च्या कायद्याच्या कलम २६७अ खाली अनधिकृत बांधकामावर दंडासह कर घेतला जातो आणि त्या वसुलीने बांधकाम नियमित होत नाही. घरपट्टीचा उतारा उपयोगी आहे तो बांधकाम किती जुने हे दाखवायला.

दार कोणते?

चुकीच्या दारात गेल्याचा खर्च दुप्पट होतो: तिथला बुडतो आणि योग्य दाराची मुदत टळते.

*वरच्या अधिकाऱ्याकडे अपील.* बांधकाम परवानगी नाकारली असेल तर एमआरटीपीच्या कलम ४७ नुसार ४० दिवसांत राज्य शासनाकडे अपील करता येते. नगरपरिषदेचा आदेश किंवा ठराव बेकायदा असेल किंवा लोकांना इजा-उपद्रव करणारा असेल, तर १९६५ च्या कायद्याच्या कलम ३०८ खाली जिल्हाधिकारी त्याची अंमलबजावणी थांबवू शकतात. ग्रामपंचायतीच्या बाबतीत १९५८ च्या कायद्याचे कलम १४२ जिल्हाधिकाऱ्यांना तसाच अधिकार देते, आणि ग्रामपंचायतीच्या कर-आकारणीविरुद्ध पंचायत समितीकडे दाद मागता येते. या दारांत वकील लागतोच असे नाही. फी किरकोळ असते. पण नुसता अर्ज दिला म्हणजे कारवाई थांबली असे नव्हे. स्थगितीची मागणी वेगळी आणि ठळक लिहावी लागते.

*घरपट्टीचे अपील.* १९४९ च्या कायद्याच्या कलम ४०६ नुसार अपील १५ दिवसांत न्यायाधीशांपुढे करायचे असते. त्याआधी आयुक्तांकडे हरकत घेऊन तिचा निकाल लागलेला असावा लागतो. मुंबईत हे अपील लघुवाद न्यायालयात जाते. इथला मोठा खर्च वकिलाचा नसून वादातली रक्कम आधी पालिकेत भरण्याचा आहे. दोन लाखांच्या मागणीला आव्हान द्यायचे तर आधी त्या पैशाची तजवीज हवी. मागणी मान्य असून फक्त दंड-व्याज जड जात असेल, तर राष्ट्रीय लोकअदालतीत तडजोड होते का पाहा. तिथे फी लागत नाही, आणि आधी दाव्यात कोर्ट फी भरली असेल तर तडजोडीनंतर ती परत मिळते.

*दिवाणी दावा.* इथे पहिला प्रश्न पैशाचा नाही. एमआरटीपीचे कलम १४९, मुंबईच्या कायद्याचे ५१५अ आणि १९४९ च्या कायद्याचे ४३३अ ही तिन्ही कलमे म्हणतात की, त्या-त्या नोटिशीला दाव्यात आव्हान देता येणार नाही. तरीही मुळातच अधिकार नसताना काढलेल्या किंवा कायद्याची प्रक्रियाच न पाळलेल्या नोटिशीपुरती फट कोर्टांनी ठेवली आहे आणि तिच्यातून दावे दाखल होत असतात. त्यामुळे वकिलाला सरळ विचारा: अधिकारक्षेत्राचा मुद्दा निघाला तर तुमचे उत्तर काय? उत्तर गुळमुळीत आले, तर तो खर्च धोक्याचा समजा.

शिवाय महापालिकेवर दावा लावण्याआधी एक महिन्याची नोटीस देण्याची अट दोन्ही महापालिका कायद्यांत आहे आणि दाव्याची मुदत सहा महिन्यांची आहे. राज्य शासन पक्षकार असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते. तातडी असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन ती टाळता येते.

*उच्च न्यायालयात रिट.* घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली. अपिलाची दुसरी सोय असेल तर ती आधी वापरा, असे कोर्ट सहसा सांगते. सुनावणीच दिली नाही, अधिकारच नव्हता, मूलभूत हक्कावर घाला आला किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान आहे, अशा वेळी थेट जाता येते. जागा कोणाची, बांधकाम कोणत्या साली झाले, असा साक्षीपुराव्याचा वाद असेल तर मात्र रिटमध्ये तो सोडवला जात नाही.

कोर्ट फी: सर्वांत छोटा आकडा

रिट याचिकेची कोर्ट फी काही शे रुपयांत असते. अर्जदार अनेक आणि प्रत्येकाची नोटीस वेगळी असेल, तर फीही प्रत्येकाची वेगळी मोजली जाते.

दाव्याची गोष्ट थोडी नाजूक आहे. महाराष्ट्र न्यायालय शुल्क कायद्यानुसार ज्या मागणीचे पैशांत मोल करता येत नाही, तिला नाममात्र मूल्य धरून थोडकी फी लागते. त्याच दाव्यात मालकी ठरवून द्या किंवा नुकसानभरपाई द्या असे वाक्य घातले, की फी मालमत्तेच्या किंवा रकमेच्या हिशेबाने चढते. तिची कमाल मर्यादा जानेवारी २०१८ पासून ३ लाखांवरून १० लाख झाली आहे. म्हणून दाव्याचा ‘विनंती’चा परिच्छेद वकिलाबरोबर बसून वाचा. नको असलेली मागणी काढून टाका.

‘बायकोच्या नावाने दावा लावा, बाईमाणसाला कोर्ट फी माफ आहे’ हा सल्ला कोर्टाच्या आवारात सर्रास मिळतो. महिलांसाठीची १९९४ ची सवलत पोटगी, हिंसाचार, घटस्फोट आणि मालमत्तेचे वाद यांच्यासाठी आहे आणि त्यातला मालमत्तेचा वाद वैवाहिक संबंधातून आलेला असावा लागतो. पालिकेची नोटीस त्यात बसत नाही. फी कमी भरली तर पुढे भरावी लागतेच, मधे तारखा जातात.

आणखी एक छोटी बचत: कोर्टात दाखल करायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क २००४ पासून माफ आहे. बाहेरचा विक्रेता पाचशेचा स्टँपपेपर पुढे करील. साध्या कागदावरचे प्रतिज्ञापत्र चालते.

वकिलाची फी: मोठा आकडा, म्हणून कागदावर

वकिलांना जाहिरात करायला बंदी असल्याने दरपत्रक कुठे लावलेले दिसणार नाही. ढोबळ अंदाज असा: तालुक्याच्या कोर्टात पाच आकड्यांच्या खालच्या टोकाला, मोठ्या शहराच्या दिवाणी न्यायालयात पाच आकड्यांच्या वरच्या टोकाला, आणि उच्च न्यायालयात लाखाच्या आसपास किंवा पुढे. वरिष्ठ वकील उभे करायचे ठरले तर त्यांची फी बहुधा प्रत्येक हजेरीला आणि वेगळी, तुमच्या वकिलाच्या फीखेरीज.

फी ठरवताना टप्पे पाडून घ्या. जिल्हा-तालुक्याच्या कोर्टात पहिला टप्पा म्हणजे दावा दाखल करून ‘निशाणी ५’ च्या, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर आदेश मिळेपर्यंत. दुसरा टप्पा साक्षीपुरावा, तिसरा युक्तिवाद आणि निकाल. पालिकेच्या प्रकरणात पैसा आणि जोर दोन्ही पहिल्या टप्प्यावर लागतात; मनाई मिळाली नाही तर पुढच्या टप्प्यांना अर्थ उरतोच असे नाही. उच्च न्यायालयात याचिका तयार करणे, तातडीने बोर्डावर आणणे, आणि सुनावणी असे तुकडे विचारा.

पहिल्या भेटीत विचारायचे प्रश्न:

• ही रक्कम कोणत्या टप्प्यापर्यंत? हजेरीचे वेगळे पैसे आहेत का?
• टायपिंग, झेरॉक्स, भाषांतर, कारकुनाचा खर्च यात धरला आहे का?
• मनाई नाकारली तर अपील तुम्हीच कराल का, आणि त्याची फी किती?
• पालिकेने कॅव्हेट, म्हणजे ‘आमचे ऐकल्याशिवाय मनाई देऊ नका’ असा अर्ज, लावले असेल तर किती वेळ जाईल?
• सर्वांत वाईट निकाल कोणता आणि तो किती दिवसांत येऊ शकतो?

पावती मागा. ‘जिंकलो तर इतके टक्के’ असा करार बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. तो पुढे करणाऱ्यापासून दूर राहा. फी थकली म्हणून वकिलाला तुमचे कागद अडवून ठेवता येत नाहीत, असा सर्वोच्च न्यायालयाचा २००० चा निकाल आहे. वकिलाच्या सेवेबद्दल ग्राहक आयोगात मात्र जाता येत नाही. मे २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते दार बंद केले. गैरवर्तनाची तक्रार महाराष्ट्र व गोवा बार कौन्सिलकडे करता येते, पण तिच्यातून फी परत येईल या भरवशावर राहू नका. बोलणे आधीच कागदावर आलेले बरे.

प्रकरणाची तारीख कळण्यासाठी कोणाला पैसे द्यायची गरज नाही. दाखल होताच सोळा अंकाक्षरांचा सीएनआर क्रमांक घ्या. ई-कोर्ट्सच्या मोफत ॲपवर पुढची तारीख आणि आदेश दिसतात.

जे बिलात दिसत नाही

उच्च न्यायालयाचे काम इंग्रजीत चालते. तुमचे उतारे, नोटीस, जबाब मराठीत. त्यामुळे पानागणिक भाषांतर आले, वर याचिकेचे अनेक संच. जाड फाईलमध्ये हा खर्च फीच्या दहाव्या हिश्शापर्यंत सहज जातो. मोजकेच आणि मुद्द्याचे कागद जोडा.

प्रवासाचा खर्च काही जिल्ह्यांत अलीकडे घटला आहे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू झाल्याने कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या पक्षकारांची मुंबईची वारी वाचली. विदर्भाला नागपूर, मराठवाड्याला छत्रपती संभाजीनगर आणि गोव्याला तिथले खंडपीठ आहेच.

हरलात तर पाडकामाचा खर्चही मालकाकडून वसूल होऊ शकतो. एमआरटीपीच्या कलम ५२ खाली विनापरवाना बांधकाम हा गुन्हा आहे: एक महिना ते तीन वर्षे कैद आणि २ हजार ते ५ हजार रुपये दंड. दंड लहान दिसतो, पण जामीन आणि फौजदारी वकील हा वेगळा खर्च असतो. जिंकलात तरी समोरच्याकडून ‘खर्चासह’ मिळणारी रक्कम तुमच्या खऱ्या खर्चाच्या जवळपासही क्वचितच असते. ती जमेत धरू नका.

नमुन्याचा हिशेब

खालचे आकडे मानलेले आहेत; मांडणी घ्या, आकडे आपले घाला.

*जबाबावर मिटले तर:* माहिती अधिकार अर्ज १० रुपये, ४० पानांच्या प्रती ८०, वास्तुविशारद ८,०००, वकिलाकडून जबाब तयार करून घेणे ५,०००, टपाल-झेरॉक्स ५००. एकूण १३,५९० रुपये.

*दावा लावून मनाईच्या अर्जापर्यंत:* वरचे १३,५९०, वकील ४०,०००, टायपिंग आणि प्रती ४,०००, कोर्ट फी व नोटीस बजावणी १,०००. एकूण ५८,५९० रुपये.

*थेट उच्च न्यायालयात:* वरचे १३,५९०, वकील १,००,०००, साठ पानांचे भाषांतर दीडशे रुपये दराने ९,०००, प्रती ६,०००, चार फेऱ्यांचा प्रवास १०,०००, फी व किरकोळ १,०००. एकूण १,३९,५९० रुपये.

पहिले तेरा हजार तिन्ही हिशेबांत आहेत. ते वाचवून कोर्टात गेलात तरी खर्च कमी होत नाही, कारण तेच कागद तिथे घाईने आणि जास्त दराने गोळा करावे लागतात.

पैसे नसतील तर

विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार महिला, मुले, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, अपंग, औद्योगिक कामगार आणि आपत्तिग्रस्त यांना मोफत वकील मिळतो. त्यांना उत्पन्नाची अट नाही. इतरांसाठी महाराष्ट्रात वार्षिक ३ लाख रुपयांच्या आत उत्पन्न लागते. म्हणजे घर पत्नीच्या किंवा आईच्या नावावर असेल आणि नोटीस तिला आली असेल, तर कोर्ट फीची ती जुनी सवलत लागू नसली तरी मोफत वकिलाचा हक्क तिला आहेच. अर्ज तालुका विधी सेवा समितीकडे, जिल्हा प्राधिकरणाकडे किंवा उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे करायचा. चौकशीसाठी १५१०० हा क्रमांक आहे. अर्जाला वेळ लागतो, म्हणून नोटीस मिळालेल्या आठवड्यातच तो द्या.

स्वतः उभे राहून बाजू मांडण्याचाही हक्क आहे. उच्च न्यायालयात त्यासाठी आधी छाननी समितीपुढे जावे लागते. घरपट्टीच्या सरळ हरकतीत हे जमते. पाडकामाच्या तातडीत ते अवघड जाते.

तक्रारदार शेजाऱ्यासाठी

शेजाऱ्याच्या बांधकामावर तुमच्या तक्रारीवरून नोटीस निघाली असेल, तर तोही कोर्टात जाईल. तुमचे म्हणणे ऐकल्याशिवाय मनाई मिळू नये म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४८अ खाली कॅव्हेट दाखल करा. ते ९० दिवस चालते, मग नव्याने द्यावे लागते. दाव्याच्या तुलनेत हा खर्च अगदी थोडा आहे.

कोर्टात जाऊ नये, ते केव्हा

परवानगी नव्हती, मिळण्यासारखीही नाही, जागा सार्वजनिक आहे आणि पालिकेने नोटीस, सुनावणी, आदेश सगळे रीतसर केले आहे, अशा वेळी कोर्टावर लाख रुपये घालून काही महिन्यांचा वेळ मिळेल, तोही खात्रीचा नाही. त्यापेक्षा पालिकेला स्वतः बांधकाम काढण्याची लेखी तयारी कळवून मुदत मागा. सामान वाचते, पाडकामाचे बिल टळते आणि खटल्याची शक्यता कमी होते. बांधकाम नियमित होण्याजोगे असेल, तर वकिलाआधी वास्तुविशारद गाठा. गुंठेवारीतल्या घरांसाठी २००१ च्या कायद्यात २०२१ मध्ये झालेल्या दुरुस्तीने ३१ डिसेंबर २०२० पर्यंतची बांधकामे विचारात घेण्याची सोय केली आहे. तुमचे घर त्यात बसते का, हे पालिकेच्या नगररचना विभागात विचारायला काही लागत नाही.

आणि जाण्यासारखे प्रकरण असेल, म्हणजे मंजूर नकाशा हाती आहे, जबाब दिलेला आहे आणि तो न वाचताच आदेश निघाला आहे, तर शेवटच्या दिवसाची वाट पाहू नका. आदेशानंतरचे १५ दिवस स्थगिती मिळवण्यासाठी आहेत. चौदाव्या दिवशी संध्याकाळी फाईल घेऊन येणाऱ्या पक्षकाराकडून वकील जास्त फी मागतो, कोर्ट उशिराचे कारण विचारते, आणि तुमच्या बाजूचा सर्वांत चांगला कागद घरीच राहिलेला असतो. तिसऱ्या दिवशी जा.